वेल्सच्या कालयंत्रातला जागेचा हिशेब
एच. जी. वेल्स या इंग्रज लेखकाने ‘द टाइम मशीन’ या कादंबरीत आपले कालयंत्र एकाच जागी ठेवून स्थळाचा प्रश्न, म्हणजे काळात प्रवास केल्यावर यंत्र नेमके कुठे असेल हा प्रश्न, टाळला, असे म्हटले जाते. पृथ्वी सूर्याभोवती ताशी एक लाख किलोमीटरहून अधिक वेगाने फिरते आणि ती अडचण त्याने सोडवली नाही, इतपत हे मान्य आहे. परंतु प्रयोगशाळेपुरता स्थळाचा हिशेब त्याने विलक्षण काळजीने ठेवला आहे. यंत्र प्रयोगशाळेच्या आग्नेय कोपऱ्यातून सुटते, ८०२७०१ या वर्षी हिरवळीवर थांबते, तिथे मॉरलॉक, म्हणजे त्या काळातले जमिनीखाली राहणारे जीव, ते ओढून पांढऱ्या स्फिंक्सच्या पुतळ्याच्या चौथऱ्यात लपवतात, आणि म्हणूनच परतल्यावर ते वायव्येकडच्या भिंतीशी उभे राहते. या दोन जागांमधले अंतर म्हणजे हिरवळीपासून चौथऱ्यापर्यंतचे अंतर, हे कादंबरीतला कालप्रवासी स्वतः आपल्या श्रोत्यांना सांगतो. मला तर हाच त्याच्या कथनाचा सर्वांत भक्कम पुरावा वाटतो. दिवस, हजार दिवस, दशलक्ष दिवस आणि अब्ज दिवस मोजणाऱ्या तबकड्या, तसेच खाली उतरताना काढून खिशात ठेवण्याजोगे यंत्र चालवायचे दांडे, यांतूनही हाच काटेकोरपणा दिसतो.

यंत्राने कालप्रवास करण्याची कल्पना १८९५ च्या या कादंबरीत प्रथम आली, असेही म्हटले जाते; ते विधान मात्र दुरुस्त करायला हवे. एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाची ‘एल आनाक्रोनोपेते’ ही कादंबरी १८८७ मध्येच बार्सिलोनात प्रसिद्ध झाली होती. त्यातले यंत्र विजेवर चालते, आणि भूतकाळात जाताना प्रवाशांचे वय उलटे घटू नये म्हणून त्यांच्यासाठी एका खास द्रवाची योजनाही गास्पारने केली आहे.