यंत्र पाटणला ठेवा, ऊर्जेचा प्रश्नही सुटेल

भाऊ, तुमच्या कथेतलं दुसऱ्या मितीतून ऊर्जा ओढणारं ते प्राचीन यंत्र जाम आवडलं, पण ते कुठल्यातरी परक्या डोंगराखाली कशाला, आपल्या चाळीसगावजवळच्या पाटणला ठेवा ना! तिथल्या १२०७ च्या शिलालेखात गणिती भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढल्याचं कोरलंय. आणि भास्कराचार्यांनी आपल्या सिद्धान्तशिरोमणी या ग्रंथात खरंच आपोआप फिरणारं चाक दिलंय, हलकं लाकूड, त्यात सारख्या अंतरावर जराशा तिरप्या पोकळ नळ्या, नळ्यांत अर्धा पारा, आस दोन खांबांवर टेकवला की फिरतच राहणार.

प्रत्यक्षात ते थांबतं, कारण पारा खाली येताना जेवढं देतो तेवढंच त्याला वर चढवायला लागतं आणि घर्षण खातं ते वेगळंच. पण कथेत हीच तर जागा आहे! घर्षणात गेलेली ऊर्जा पलीकडून भरून येते, म्हणजे ऊर्जेचा नियम मोडत नाही, फक्त हिशोब दोन जगांचा मिळून होतो. मग तिकडे काहीतरी गार पडत असणारच, ते कोणाचं, हे मठातल्या एखाद्या विद्यार्थ्याला कळू द्या. आणि आजच्या काळातला तुमचा गुराखी प्लीज तिकडची अहिराणी बोली बोलू द्या, त्याच्या तोंडी पुस्तकी मराठी नको.