भक्षक कोळी दिसेनासे झाले म्हणून निराश होऊ नका

गुलाबावरची लाल कोळी ही कीड खाण्यासाठी सोडलेले भक्षक कोळी (किडीवर जगणारे बारीक मित्रकोळी) थोड्याच दिवसांत गायब झाले, म्हणजे पैसे पाण्यात गेले असं नाही. त्यातला फायटोसेइयुलस पर्सिमिलिस हा भक्षक कोळी जगतो तोच लाल कोळी या किडीवर. ती कीड संपली की तोही उपाशी मरतो नाहीतर निघून जातो. भिंग घेऊन पानाची मागची बाजू बघा. अंगावर दोन गडद ठिपके आणि सुस्त चाल, तो शत्रू. नारिंगी, तुकतुकीत, सारखा धावणारा, तो आपला. हवा फार कोरडी, म्हणजे आर्द्रता ६० टक्क्यांच्या खाली असेल, तर मात्र त्याची अंडी नीट उबत नाहीत. तिथे निओसेइयुलस कॅलिफोर्निकस हा दुसरा भक्षक कोळी बरा, तो परागकणांवरही तग धरतो. आणि हल्लीच पायरेथ्रॉइड गटातलं कीटकनाशक फवारलं असेल तर सोडायची घाई नको. त्याचा अंश पानांवर कित्येक आठवडे टिकतो, आणि त्यात आधी मित्रच मरतात.