प्रतिसाद: मेडिकेअर आणि घरच्यांचं प्रशिक्षण

पक्षाघातानंतर सासूबाईंना पलंगावरून चाकाच्या खुर्चीत कसं बसवायचं, हे थेरपिस्टने सुनेला शिकवलं आणि अमेरिकेच्या मेडिकेअरने (मुख्यतः ज्येष्ठांसाठीच्या सरकारी आरोग्य विम्याने) ९७५५० या बिलिंग कोडचं बिल नाकारलं, असं एकांनी लिहिलंय. पहिल्यांदा हे बघा: त्या वेळी सासूबाई खोलीत होत्या का? हा कोड फक्त रुग्ण हजर नसतानाच्या प्रशिक्षणाचा आहे. कमरेचा पट्टा बांधून त्यांनाच उठवून दाखवलं असेल, तर ती मिनिटं ९७५३५ सारख्या नेहमीच्या थेरपी कोडमध्ये जातात. तीच मिनिटं दोन्हीकडे लावता येत नाहीत.

९७५५० म्हणजे पहिली ३० मिनिटं, ९७५५१ म्हणजे पुढची प्रत्येकी १५. म्हणून ४५ मिनिटांना दोन्ही एकेकदा. एकत्र गटात शिकवलं तर ९७५५२. हे तिन्ही २०२४ पासून आहेत. जखमेची मलमपट्टी किंवा संसर्ग टाळणं शिकवलं असेल, तर २०२५ पासून जी०५४१ आणि जी०५४२ हे कोड वेगळे आहेत.

नोंदीत बहुतेकदा राहून जाते ती संमती. रुग्णाची किंवा त्यांच्या प्रतिनिधीची संमती लिहिलेली हवी. तोंडी चालते, पण नोंद हवीच. शिवाय हे प्रशिक्षण उपचार-योजनेतल्या कुठल्या ध्येयासाठी, तेही लिहा. फिजिओथेरपिस्टने जीपी, ऑक्युपेशनल थेरपिस्टने (रोजची कामं जमावीत म्हणून थेरपी देणाऱ्याने) जीओ हा मॉडिफायर (कोडमागे लावायची दोन अक्षरं) जोडलाय ना, हे बिलिंगवाल्यांना नक्की विचारा. पगारी मदतनिसाच्या प्रशिक्षणाला हे कोड लागू नाहीत. मंजूर झालं तरी पार्ट बी चा (मेडिकेअरच्या डॉक्टर-थेरपी खर्चाच्या भागाचा) २० टक्के वाटा रुग्णाकडे येतो, हे सासूबाईंना आधीच सांगायला हवं.