शेवट माहीत नसतो म्हणून

टीव्हीवर पोलिसांचे थेट पाठलाग लोक बघतात ते अपघात दिसावा म्हणून, असं म्हटलं जातं. मला ते पटत नाही. १७ जून १९९४ ला लॉस एंजेलिसमध्ये खुनाचा आरोप असलेला माजी अमेरिकन फुटबॉलपटू ओ. जे. सिम्पसन ज्यात बसला होता ती पांढरी ब्रॉन्को गाडी ताशी जेमतेम ३५ मैलांनी चालली होती. मागे पोलिसांच्या गाड्यांची रांग, वर हेलिकॉप्टरं. वेग नव्हता, धडक नव्हती, तरी अंदाजे साडेनऊ कोटी अमेरिकन बघत होते. एनबीसी वाहिनीने एनबीए या बास्केटबॉल स्पर्धेचा अंतिम फेरीतला सामनासुद्धा पडद्याच्या कोपऱ्यात ढकलला. पुलांवर लोक पाट्या घेऊन उभे होते.

खिळवून ठेवतो तो न ठरलेला शेवट. गाडीतला माणूस आता काय करेल, हे वृत्तनिवेदकालाही ठाऊक नसतं.

आणि तिथेच माझा जीव घाबरतो. सप्टेंबर २०१२ मध्ये अमेरिकेतल्या ॲरिझोनातला पाठलाग फॉक्स न्यूज ही वाहिनी थेट दाखवत होती. माणूस गाडीतून उतरून झुडपांकडे धावला. निवेदक दृश्य काढा म्हणून ओरडत राहिला, तोवर त्या माणसाने स्वतःवर गोळी झाडलेली देशभर दिसली. प्रक्षेपण काही सेकंद उशिराने सोडलं जात होतं, तरी माणसाच्या चुकीमुळे दृश्य वेळेत कापलं गेलं नाही. वाहिनीने नंतर माफी मागितली. त्या माणसाच्या घरच्यांनी टीव्ही लावलेला असेल तर?