लिफ्टवाला डच दिग्दर्शक: पुढं काय बघू?

होटगीरोडकर: १४ वर्षं झाली, सोलापुरात लिफ्टची कामं करतोय. परवा पोरानं 'द लिफ्ट' (१९८३) लावून दिला. हिरो चक्क लिफ्ट मेकॅनिक की! रखवालदाराचं डोकं दारात अडकतं आणि वरून लिफ्ट येते, तिथं बायको उठून भाकऱ्या थापायला गेली. मी बसलो दाराचं लॉक बघत. दार नीट लागल्याशिवाय सर्किट पूर्ण होत नाही, लिफ्ट हलणारच नाही. तरी दुसऱ्या दिवशी जुळे सोलापुरात शाफ्टमध्ये वाकताना मान आपोआप मागं आली बगा. हा डिक मास कोण? अजून काय केलंय त्यानं?

नवीपेठ_नाईटशो: लेखन, दिग्दर्शन आणि वर संगीतपण त्याचंच. आधी 'गोल्डन इअरिंग' बँडचे व्हिडिओ करायचा. 'फ्लॉडर' (१९८६) बघा, उच्चभ्रू वस्तीत राहायला आलेलं एक उपद्व्यापी कुटुंब. त्यावर पुढं टीव्ही मालिकाही निघाली.

चटणीभाकर: 'ॲमस्टरडॅम्ड' (१९८८) आधी. कालव्यातून खुनी वर येतो. स्पीडबोटीचा पाठलाग तर कडकच, त्यातला काही भाग उत्रेख्तला शूट केलाय. बघितल्यावर सिद्धेश्वर तलावाकडं संध्याकाळी जाववत नाही.

नवीपेठ_नाईटशो: 'द लिफ्ट'च त्यानं २००१ मध्ये इंग्रजीत परत केला, 'डाउन'. न्यूयॉर्क, नाओमी वॉट्स, सगळा थाट. मजा पहिल्यातच.

होटगीरोडकर: रविवारी 'फ्लॉडर'. लिफ्ट नाही ना त्यात? मग बायकोपण बसेल.