दंडाविरुद्धचे अपील प्रलंबित असताना बँक खात्यावर टाच येऊ शकते का?

उद्यमबागकर :
नमस्कार. बेळगावच्या उद्यमबागेत माझे छोटे मशीन शॉप असून सहा कामगार आहेत. आईच्या शस्त्रक्रियेच्या वेळी हुक्केरी तालुक्यातील मेहुण्यांनी उसाचे बिल खात्यावर जमा होताच पैसे काढून मला तीन लाख रुपये रोख हातउसने दिले. वीस हजार वा त्याहून अधिक रकमेचे कर्ज रोखीने घेण्यास मनाई आहे, हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. 1961 च्या आयकर कायद्याच्या कलम 271डी नुसार घेतलेल्या रकमेएवढाच, म्हणजे तीन लाखांचा, दंड मला लागला आहे. अपील मुदतीत दाखल केले, पण सुनावणी अजून लागलेली नाही आणि गेल्या आठवड्यात वसुलीची नोटीस आली. दर शनिवारी कामगारांचा पगार ज्या चालू खात्यातून जातो, त्याच खात्यावर टाच येईल अशी भीती आहे. कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठाकडे थेट जावे का?

टिळकवाडीचे करसल्लागार :
अपील दाखल केल्याने वसुली आपोआप थांबत नाही. कलम 220(6) खाली कर निर्धारण अधिकाऱ्याकडे स्थगितीचा स्वतंत्र लेखी अर्ज करावा लागतो. तो तुम्ही केलेला दिसत नाही, म्हणून उद्याच करा आणि पोच घ्या. केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या 31 जुलै 2017 च्या पत्रकानुसार सर्वसाधारणपणे वादग्रस्त मागणीच्या 20 टक्के, म्हणजे तुमच्या बाबतीत साठ हजार, भरल्यावर स्थगिती मिळते. तथापि त्याहून कमी रकमेवरही स्थगिती देण्याचा अधिकार अधिकाऱ्यांना आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. अर्जात केवळ अडचण सांगून भागणार नाही. कलम 273बी प्रमाणे वाजवी कारण असल्यास हा दंड लावता येत नाही, त्यामुळे रुग्णालयाची बिले, मेहुण्यांच्या पासबुकातील ऊसबिलाची नोंद आणि त्यानंतर पैसे काढल्याची नोंद या तिन्ही तारखा एकमेकींशी जुळवून दाखवा. दोघांचेही उत्पन्न केवळ शेतीचे असते, तर रोखीची ही मनाईच लागू झाली नसती. मशीन शॉपमुळे ती सवलत तुम्हाला मिळणार नाही.

धारवाडचे वकील :
वरील सल्ला योग्य आहे. धारवाड येथे 2013 पासून उच्च न्यायालयाचे कायम खंडपीठ असल्याने बेळगावकरांना यासाठी बेंगळुरू गाठावे लागत नाही. पण अधिकाऱ्याकडे अर्जच न करता रिट याचिका घेऊन आलात, तर न्यायालय बहुधा तुम्हाला आधी तिकडेच पाठवील. अर्ज फेटाळला गेल्यास किंवा 20 टक्क्यांची अट जाचक वाटल्यास प्रधान आयुक्तांकडे फेरविचार मागा. तेथेही कारणे न देता एका ओळीत नकार मिळाला, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खालील रिट याचिकेला खरे बळ येते. मुंबई उच्च न्यायालयाने केईसी इंटरनॅशनलच्या प्रकरणात सांगितले आहे की, स्थगिती अर्जावरील आदेश कारणांसह असावा आणि तो फेटाळल्यावर करदात्याला वरिष्ठांकडे जाण्यापुरता अवधी देऊन मगच सक्तीची पावले उचलावीत. हा निर्णय कर्नाटकात बंधनकारक नसला, तरी आधार म्हणून जरूर दाखवता येतो. न्यायालयाने संरक्षण दिले, तरी काही रक्कम भरण्याची अट येऊ शकते, तिची तयारी ठेवा.

निपाणीचा व्यापारी :
माझा अनुभव सांगतो. मी 20 टक्के भरले, पण स्थगितीचा लेखी आदेश मागितला नाही आणि चलन फाईलला लावून स्वस्थ बसलो. पुढच्या वर्षीचा आयकराचा परतावा संपूर्ण त्याच थकबाकीत वळता झाला. म्हणून पैसे भरा, पण आदेश हातात येईपर्यंत पाठपुरावा सोडू नका. स्थगिती मिळाली, तरी अपील हरल्यास कलम 220(2) चे दरमहा एक टक्का व्याज द्यावे लागते, तेही हिशेबात धरा.

उद्यमबागकर :
सर्वांचे मनापासून आभार. मेहुण्यांना पासबुक घेऊन बोलावले आहे आणि अर्ज उद्या सकाळी पोचेसह देतो. अर्जावर निर्णय होण्याआधीच बँकेला टाचेची नोटीस गेली, तर त्याच दिवशी धारवाडला येता येईल का, एवढे वकीलसाहेबांनी सांगावे.

धारवाडचे वकील :
येता येईल. अर्जाची पोच, नोटीस आणि पगाराची नोंदवही सोबत आणा. तातडीच्या सुनावणीची विनंती त्यांच्याच आधारे करता येते.