मानेवर दोन काळे पट्टे असलेला अमेरिकेतील रंगीत सरडा आणि त्याच्यासाठी मुद्दाम लावली जाणारी आग

प्रश्न
गंगापूररोडकर:

मी नाशिकमधील एका शाळेतून चित्रकला शिक्षक म्हणून निवृत्त झालो आहे. मुलगी ओक्लाहोमा राज्यात राहते. मे महिन्यात तिच्याकडे गेलो असताना आम्ही लॉटन शहराजवळील विचिटा पर्वताच्या अभयारण्यात एक दिवस घालवला. तेथे लालसर ग्रॅनाइटच्या एका धोंड्यावर, भर उन्हात, पुढचे पाय ताठ करून छाती उचलून बसलेला एक सरडा दिसला. शेपटीसह तो दीड वीत तरी असावा. अंग हिरवे, त्यावर तांदूळ सांडावेत तसे फिकट ठिपके, गळा पिवळा, आणि मानेवर दोन ठसठशीत काळे पट्टे, जणू दृष्ट लागू नये म्हणून काळ्या दोऱ्याचे दोन वेढे घातले आहेत. मी दोन पावले पुढे टाकताच तो पुढचे पाय उचलून चक्क मागच्या दोन पायांवर धावत सुटला. थोड्या वेळाने तसाच, पण तपकिरी रंगाचा आणि कुशीवर नारिंगी पट्टे असलेला दुसरा सरडा दिसला.

मी घरी येऊन दोघांची जलरंगात चित्रे काढली, पण काही शंका राहिल्या आहेत. नारिंगी पट्ट्यांचा सरडा वेगळ्या जातीचा असतो का? आपल्या बागेतल्या सरड्यासारखा हा रंग बदलतो का? नातवाचा प्रश्न असा आहे की याची शेपटी पालीसारखी तुटते का. शेवटची शंका मला सर्वांत अधिक छळते. जावयांच्या एका मित्रांनी सांगितले की मिसूरी राज्यात याच सरड्यांसाठी जंगलाला मुद्दाम आग लावतात. आमच्या भागातील टेकडीवर दर उन्हाळ्यात वणवा लागला की आम्ही सकाळी फिरायला जाणारी मंडळी ओल्या फांद्या घेऊन विझवायला धावतो, त्यामुळे हे काही केल्या पटत नाही.

उत्तर १
दगडफूल:

सर, आपण पाहिलेला प्राणी कॉलर्ड लिझर्ड आहे. शास्त्रीय नाव क्रोटाफायटस कोलॅरिस. अमेरिकी निसर्गअभ्यासक थॉमस से यांनी 1823 साली त्याचे शास्त्रीय वर्णन केले. ओक्लाहोमाने 1969 साली त्याला राज्य सरीसृपाचा मान दिला असून तेथील लोक त्याला ‘माउंटन बूमर’, म्हणजे डोंगरात घुमणारा, म्हणतात. गंमत अशी की हा सरडा असा कोणताही आवाज काढत नाही. दगडावर दिसला तो सरडा आणि दरीत घुमला तो दुसऱ्याच कोणाचा आवाज, यांची लोकांनी कधीतरी सांगड घातली आणि नाव चिकटले ते चिकटलेच.

दोन्ही सरडे एकाच जातीचे आहेत. हिरवा तो नर आणि तपकिरी ती मादी. मादीच्या कुशीवरचे नारिंगी पट्टे अंडी पोटात वाढत असताना उठून दिसतात आणि अंडी घातल्यानंतर हळूहळू फिके पडतात. आपण मे महिन्यात गेलात, म्हणून ते दिसले. ऑगस्टअखेर गेला असता तर कदाचित साधी तपकिरी मादी दिसली असती. नराचा रंग मात्र सगळीकडे सारखा नसतो. कोठे तो हिरवट, कोठे जवळजवळ फिरोजी अंग आणि पिवळे डोके असा असतो, आणि एकाच राज्यातील वेगवेगळ्या डोंगरांवरील नरही रंगाने वेगळे निघतात. तेव्हा चित्राखाली ‘विचिटा पर्वत’ असे लिहून ठेवावे, ही विनंती.

रंग बदलण्याबद्दल सांगायचे तर सकाळच्या गारव्यात तो काळपट दिसतो आणि अंग तापले की उजळतो, एवढेच. विणीच्या हंगामात आपल्या बागेतल्या सरड्याच्या नराचे डोके आणि खांदे लालभडक होतात, तसा पालट येथे पाहायला मिळत नाही.

नातवाला सांगावे की याची शेपटी पालीसारखी सहज गळत नाही, आणि अपघाताने तुटली तर पुन्हा वाढत नाही. दोन पायांवर धावताना तोल सांभाळण्यासाठी त्याला ती लागते, त्यामुळे शेपटी टाकून पळ काढणे त्याला परवडणारे नाही. हा सरडा नाकतोडे तर खातोच, पण लहान सरडेही गिळतो. आपण त्याच्या डोक्याचा आकार चित्रात नीट पकडला असेल तर ते शरीराच्या मानाने मोठे दिसेल. त्यात जबड्याचे भक्कम स्नायू असतात आणि इलाख्यावरून नरांची जुंपली की तोच जबडा कामी येतो. हातात घेण्याच्या भानगडीत पडलेल्यांना त्याचा चावा चांगला लक्षात राहतो.

उत्तर २
ओझर ते ओझार्क:

मी मूळचा ओझरचा, आणि नोकरीनिमित्त सात वर्षे मिसूरीतील ओझार्क डोंगरांच्या पायथ्याशी राहिलो, म्हणून हे टोपणनाव. आगीबद्दल मला थोडे सांगता येईल.

हा सरडा मुख्यतः नैऋत्य अमेरिकेतील आणि उत्तर मेक्सिकोतील कोरड्या, खडकाळ प्रदेशाचा रहिवासी आहे. ओझार्क हे मात्र ओक आणि हिकरीच्या दाट जंगलाचे डोंगर आहेत. काही हजार वर्षांपूर्वी हवामान अधिक उष्ण आणि कोरडे असताना तो पूर्वेकडे तेथवर पसरला आणि पुढे जंगल वाढल्यावर दक्षिण आणि नैऋत्य उतारांवरील उघड्या कातळांवर अडकून राहिला. या कातळांना तिकडे ‘ग्लेड’ म्हणतात. आपल्याकडचा कातळसडा डोळ्यांसमोर आणला, आणि त्याला चहूबाजूंनी झाडी असल्याची कल्पना केली, की ग्लेड बऱ्यापैकी कळतो. पातळ माती, तुरळक गवत, सपाट शिळा, आणि शिळांखाली सरड्याचे घर, अंड्यांची जागा व हिवाळ्यात दडून राहण्याची कपार.

पूर्वी या जंगलात वरचेवर आग फिरत असे. जुन्या झाडांच्या वलयांत तिचे डाग आजही वाचता येतात. विसाव्या शतकात आग लागू न देण्याचे धोरण आले आणि ईस्टर्न रेड सीडर नावाचे झाड ग्लेडवर घुसू लागले. नावात सीडर असले तरी ते खरे पाहता जुनिपर आहे. ते जळाले तर बुंध्यातून पुन्हा फुटत नाही, म्हणून आग होती तोवर ते आटोक्यात होते. आग थांबताच त्याने कातळावर सावली धरली, आणि दोन ग्लेडच्या मधे असलेल्या जंगलाचा तळही झुडपांनी व पाचोळ्याने भरून गेला. ज्याला अंग तापवायला ऊन आणि भक्ष्य हेरायला मोकळी नजर लागते, त्याच्यासाठी हे घराचे दार बंद झाल्यासारखे होते.

मिसूरीतील पेक रँच या संरक्षित क्षेत्रातला प्रयोग यासाठी मुद्दाम सांगण्यासारखा आहे. तेथील स्टेगल पर्वतावर 1984 ते 1989 या काळात काही मोकळे केलेल्या ग्लेडवर हे सरडे आणून सोडले गेले. ते जगले, त्यांची वीणही झाली, पण हाकेच्या अंतरावरील दुसऱ्या मोकळ्या ग्लेडवर एकही सरडा गेला नाही, कारण मधली झाडी ओलांडायला तो तयार नव्हता. 1994 पासून केवळ कातळच नव्हे, तर मधल्या जंगलाचा तळही नियंत्रित आगीने मोकळा करण्यास सुरुवात झाली, आणि त्यानंतर सरडे स्वतःहून नव्या ग्लेडवर वस्ती करू लागले. सेंट लुईस येथील वॉशिंग्टन विद्यापीठातील आनुवंशशास्त्रज्ञ अ‍ॅलन टेम्पलटन यांनी या सरड्यांचा दीर्घकाळ अभ्यास केला. एकेका ग्लेडवरील वस्ती इतकी एकाकी पडली होती की तिच्यात आनुवंशिक विविधता जवळजवळ उरली नव्हती. एखाद्या वाईट वर्षात अशी वस्ती संपली तर ती जागा पुन्हा भरायला शेजारून कोणी येणार नव्हते.

संपूर्ण प्रजातीचा विचार केला तर आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेच्या यादीत तिला फारशी चिंता नसलेल्या गटात ठेवले आहे. माझ्या मते याच शब्दांनी घात होतो. टेक्सासच्या वाळवंटात हजारो सरडे असल्याचा ओझार्कमधील वीस सरड्यांच्या वस्तीला काय उपयोग? शिवाय बागेत मांडण्यासाठी ग्लेडवरील सपाट दगड उचलून नेणारे लोक आहेतच. एक दगड गेला तर एक कपार जाते.

गंगापूररोडकर:

दोघांचेही मनापासून आभार. मग आम्ही आजवर टेकडीवरचे वणवे विझवत आलो, ते चुकले काय? आमच्या गटात यावर कालच चांगली वादावादी झाली.

उत्तर ३
अंजनेरीची वाट:

काका, मुळीच चुकले नाही, कृपया विझवत राहा. मी वनस्पतीशास्त्राची विद्यार्थिनी आहे आणि अंजनेरीच्या पठारावर बरीच भटकले आहे, तेवढ्या अधिकाराने लिहिते. मिसूरीतली आग ठरवून लावलेली असते. सरडे शिळांखाली निपचित असतात त्या थंडीच्या सुमारास, वारा आणि ओलावा पाहून, कडेने जाळरेषा काढून, प्रशिक्षित माणसे उभी करून ती लावतात, आणि पुष्कळ ठिकाणी आधी करवतीने सीडर तोडून घेतात. आपल्याकडचा वणवा भर उन्हाळ्यात कोणाच्या तरी विडीने किंवा चांगले गवत येईल या समजुतीने लागतो, आणि तो कोठे थांबेल हे लावणाऱ्यालाही ठाऊक नसते.

तिकडून घ्यायची गोष्ट वेगळी आहे, असे मला वाटते. उघडा कातळ किंवा गवताळ माळ दिसला की आपण त्याला ‘ओसाड’ म्हणतो आणि पावसाळ्यात खड्डे घेऊन ग्लिरिसिडिया लावून मोकळे होतो. अंजनेरीच्या नावाने ओळखली जाणारी खर्चुडी ही वनस्पती, सेरोपेजिया अंजनेरिका, 2006 साली विज्ञानाला ज्ञात झाली. ती उघड्या, खडकाळ, गवताळ उतारावरची आहे, सावलीची नव्हे. सरड्यांचेच बोलायचे तर साताऱ्याच्या चाळकेवाडी पठारावरील पंख्यासारखा निळा, काळा, नारिंगी गळा फुलवणारा सरडाही उघड्या माळाचाच. 2016 साली त्याच्या प्रजातीसमूहाला शास्त्रज्ञांनी ‘सारडा’ हे नाव दिले, ते आपल्या मराठी शब्दावरूनच. त्याच पठारावरील पवनचक्क्यांबाबतचा अभ्यास 2018 साली प्रसिद्ध झाला. पवनचक्क्यांजवळ शिकारी पक्षी कमी आणि हे सरडे अधिक आढळले, मात्र तेथील नरांच्या गळ्याचे रंग फिके होते. नुसती संख्या मोजली असती तर सगळे उत्तम चालले आहे, असेच वाटले असते.

दगडफूल:

सर, चित्राबद्दल एक राहिले. या जातीत काळे पट्टे गळ्याखालून पूर्ण फिरलेले नसतात, आणि मानेवरही ते मधोमध बहुधा तुटलेले असतात. दोऱ्याच्या वेढ्याची उपमा सुंदर आहे, पण ब्रश गळ्यापाशी थांबवावा.

गंगापूररोडकर:

मी दोन्ही वेढे गळ्याखालून पूर्ण फिरवले होते! जलरंगातला काळा आता निघायचा नाही, तेव्हा कागद बदलून पुन्हा बसतो. टेकडीच्या दक्षिण उतारावर, जेथे दुपारी दगडांवर सरडे बसलेले दिसतात, तेथे आमच्या गटाने यंदा चाळीस खड्डे आखले आहेत. ते पायथ्याच्या नाल्याकडे हलवता येतील का, हे मी रविवारच्या बैठकीत विचारणार आहे.